वाचकांचे प्रश्न : आयसिंगचे बन जमत का नाहीत?

मागच्या अंकात लांबट आयसिंग बनची कृती दिली होती, ते इंग्लंडमधल्या बेकऱ्यांमध्ये मिळतात ना, बोटासारखे लांब, वर पांढरं नाहीतर गुलाबी आयसिंग, तेच. त्यावर खूप मेसेज आले, काही फोटोंसकट, आणि फोटो बघून मला खरंच वाईट वाटलं कारण एवढी मेहनत घेऊन बन दगडासारखे झालेत किंवा आयसिंग सगळं ट्रेमध्ये उतरलंय. म्हणून या वेळी बाकीचे विषय बाजूला ठेवले, फक्त बन.

ज्यांनी तो अंक बघितला नाही त्यांच्यासाठी प्रमाण परत देते. मैदा ५०० ग्रॅम, साखर ५० ग्रॅम, मऊ लोणी ५० ग्रॅम, मीठ ८ ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट ७ ग्रॅम, एक अंडं, कोमट दूध साधारण २७० मिली पण त्यातलं थोडं हातचं राखून. मळायचं, दुप्पट होऊ द्यायचं, ७५ ग्रॅमच्या आसपासचे १२ लांबट गोळे करून ट्रेमध्ये शेजारी शेजारी लावायचे, परत फुगू द्यायचे, १९० डिग्रीला १५ मिनिटं भाजायचे. गार झाले की २०० ग्रॅम पिठीसाखर आणि साधारण ३० मिली पाणी याचं आयसिंग.

प्रश्न (पुणे) : ताई, माझ्या मुलांना गोड लागतं म्हणून मी साखर ५० ऐवजी १५० ग्रॅम घातली. पीठ चार तास ठेवलं तरी जेमतेम वर आलं, भाजल्यावर बन वरून पटकन काळपट झाले आणि आतून जड. यीस्ट नवीन होतं, पाकीट त्याच दिवशी फोडलं. काय चुकलं?

उत्तर : यीस्टचं काही चुकलं नाही, साखरेनेच घोळ केला. आपल्याला वाटतं साखर म्हणजे यीस्टचं खाणं, जास्त घातली तर यीस्ट खूश होईल. थोडी असेपर्यंत ते खरंच आहे, पण प्रमाण वाढलं की उलटं होतं, साखर पिठातलं पाणी स्वतःकडे ओढून घेते आणि यीस्टला काम करायला पाणीच उरत नाही. मैद्याच्या दहा टक्क्यांपर्यंत, म्हणजे ५०० ग्रॅमला ५० ग्रॅमपर्यंत, साधं यीस्ट नीट चालतं, त्याच्या पुढे ते हळू हळू रेंगाळायला लागतं आणि तुम्ही तर तीस टक्क्यांवर गेलात. वरून काळं पडलं तेही त्याच साखरेमुळे, ती ओव्हनमध्ये लवकर करपते, मग आपण घाबरून ट्रे बाहेर काढतो आणि आत पीठ कच्चंच राहतं.

मला सगळ्यात कळकळीने सांगायचंय ते इथेच सांगते. आयसिंगचा बन हा केक नाहीये. तो पाव आहे. आपल्या लादी पावाच्याच घरातला, फक्त दूध, लोणी आणि थोडी साखर जास्त मिळालेला. इंग्लिश बेकरीवाले हे बन ट्रेमध्ये जवळ जवळ लावतात, ते फुगून एकमेकांना चिकटतात, वरची बाजू तेवढी भाजली जाते आणि बाजू पांढऱ्या, मऊ, धाग्याधाग्याच्या राहतात, म्हणजे आपली लादीच झाली की ती. तुम्ही लादी पावात १५० ग्रॅम साखर घातली असती का? गोडवा वरच्या आयसिंगमध्ये आहेच, खाली पीठ थोडं फिकं असलं की त्या गोडाला चव येते, दोन्ही गोड केलं तर मुलं अर्धा बन खाऊन बाजूला ठेवतील बघा. अजून गोड हवंच असेल तर बन मधोमध चिरून आत जॅम भरा, पण पिठाला हात लावू नका.

प्रश्न (ठाणे) : पीठ इतकं चिकट होतं की हातच सुटत नाहीत. मी वाटीभर मैदा अजून घालते तेव्हा कुठे मळता येतं. बरोबर आहे ना?

उत्तर : नाही हो, तो वाटीभर मैदाच बन कडक करतोय. आपल्या हाताला पोळीच्या कणकेची सवय, ती मऊ असली तरी हाताला चिकटत नाही, आणि हे पीठ सुरुवातीला चिकटणारच. मैदा, दूध, अंडं, यीस्ट, साखर, मीठ एवढंच कालवा आणि झाकून २० मिनिटं विसरून जा. मैदा तोवर पाणी पितो आणि निम्मा चिकटपणा आपोआप जातो. मग ओट्यावर घेऊन मळा, आपटा, दुमडा, परत आपटा, आणि पाचेक मिनिटांनी लोणी थोडं थोडं घाला. लोणी पहिल्यापासून घातलं तर पिठाला ताण यायला वेळ लागतो म्हणून नंतर. हाताने सगळं मिळून १२ ते १५ मिनिटं लागतात, कंटाळू नका. झालं की नाही हे बघायला लिंबाएवढा गोळा तोडा आणि चारी बाजूंनी बोटांनी हळू ताणा, फाटायच्या आत पातळ पापुद्रा झाला आणि खिडकीसमोर धरल्यावर त्यातून पलीकडची बोटं धूसर दिसली की पीठ तयार. फाटलं तर अजून मळा. हाताला तेलाचं बोट लावा हवं तर, मैदा नको.

आणि आपला नेहमीचा मैदा तिकडच्या ब्रेडच्या पिठापेक्षा कमी दूध पितो, त्यामुळे परदेशी व्हिडिओ बघून मोजून तेवढंच दूध ओतलंत तर पीठ पातळ होणारच, म्हणून तर मी हातचं राखा म्हणते.

प्रश्न (डोंबिवली) : बन मस्त होतात, आयसिंग मात्र टिकत नाही. कधी ओघळून खाली जातं, कधी दुसऱ्या दिवसापर्यंत चिकटच. पिठीसाखर मी घरीच मिक्सरवर करते. पावसाळ्यात तर नादच सोडून दिला.

उत्तर : तीन वेगळ्या गोष्टी आहेत यात, एकेक बघू.

पहिली, बन गरम होता का? खरं सांगा. हात लावल्यावर कोमट लागला तरी तो आयसिंगसाठी गरमच आहे, कारण आयसिंग म्हणजे दुसरं काही नाही, थोड्याशा पाण्यात भिजलेली खूप सारी साखर, तिला ऊब लागली की ती पातळ होते आणि वाट मिळेल तिकडे पळते. मी इंग्लंडमध्ये लेस्टरला राहत असताना मुलीच्या शाळेच्या मेळाव्यासाठी २४ बन केले होते, वेळ कमी होता म्हणून अर्ध्या तासातच आयसिंग लावलं आणि ते डोळ्यांदेखत जाळीतून खाली टपकलं, बनांवर नुसती ओली चकाकी राहिली. त्या दिवसापासून मी किमान दीड तास थांबते, जाळीवर, पंख्याखाली नाही, पंख्याने वरची साल कोरडी होऊन तडकते.

दुसरी, पाणी. २०० ग्रॅम पिठीसाखरेला दोन मोठे चमचे पाणी हे ऐकायला काहीच नाही वाटत, आणि वाडग्यात बघितलं तर सुरुवातीला ते सगळं कोरडं गोळे गोळेच दिसतं. इथेच सगळे अजून पाणी ओततात. थांबा. चमच्याने वाडग्याच्या कडेला दाबत दाबत फिरवत राहा, मिनिटभरात ते एकदम सैल पडतं, चमक येते. नंतर लागलं तर चहाच्या चमच्याने अर्धा अर्धा चमचा. चमचा उचलून आयसिंग वाडग्यात परत सोडा, पडलेली पट्टी वर दिसत राहिली पाहिजे आणि आठ दहा सेकंदांनी विरघळून सपाट झाली पाहिजे. लगेच विरली तर पातळ, विरलीच नाही तर घट्ट. मग बन उलटा धरायचा, डोकं आयसिंगमध्ये टेकवायचं, थोडं डावीउजवीकडे हलवायचं, उचलायचा, शेपूट तुटू द्यायची आणि कडेने बोट फिरवून सरळ करायचा. सुरीने फासण्यापेक्षा हे शंभर पट छान होतं.

तिसरी, घरची पिठीसाखर. मिक्सरची साखर कितीही बारीक वाटली तरी थोडी रवाळ असते, आणि दुकानातल्या आयसिंग शुगरमध्ये थोडं कॉर्नफ्लॉवर असतं जे ओल शोषून घेतं. तर २०० ग्रॅम साखरेला सपाट दोन चहाचे चमचे कॉर्नफ्लॉवर घालून परत एकदा मिक्सरवर फिरवा आणि अगदी बारीक चाळणीने किंवा पातळ मलमलच्या कापडाने चाळा. पावसाळ्यात साखर हवेतलं पाणी ओढते, त्यामुळे जुलैच्या डोंबिवलीत ते आयसिंग नोव्हेंबरसारखं सुकणार नाही, हे मान्य करावं लागेल. घरात एसी असेल तर त्या खोलीत ठेवा, नसेल तर पाणी थोडं कमी घ्या आणि खायच्या तासभर आधीच लावा. डब्यात बंद करून तर अजिबात ठेवू नका, आत दव धरतं आणि सगळं पाझरतं.

प्रश्न (नागपूर) : बेटा, माझं वय ७२ आहे. नातवंडं उन्हाळ्याच्या सुट्टीत इंग्लंडहून येणार आहेत आणि त्यांना तिथले आयसिंगवाले बन फार आवडतात असं सून सांगत होती. माझ्याकडे ओव्हन नाही, आमच्या घरी अंडंही चालत नाही. जमेल का काही?

उत्तर : आजी, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. जमेल, आणि छान जमेल.

अंडं काढून टाका आणि त्याच्याऐवजी तीन मोठे चमचे दूध आणि एक मोठा चमचा घट्ट दही घाला, आंबट नको. एवढं पुरतं. पाव तर बिनअंड्याचाच असतो ना, हा त्याचाच भाऊ आहे, अंड्यावाचून काही अडत नाही त्याचं.

ओव्हन नाही तर जाड बुडाची मोठी कढई किंवा पातेलं घ्या. कुकर पण चालतो असं सगळे सांगतात, शिटी आणि रबर काढून, पण कोरडा तापवून तो खराब होतो म्हणून मी तुम्हाला जुनी कढईच सांगेन. तळाला जाड मीठ पसरा, त्यावर स्टँड, घट्ट झाकण, आणि मध्यम आचेवर पंधरा मिनिटं रिकामीच तापू द्या. लांबट बन गोल डब्यात मावायचे नाहीत म्हणून अर्ध्या प्रमाणाचं पीठ करा आणि सात इंचाच्या डब्याला तूप लावून सात गोल बन फुलासारखे लावा, मधे एक, भोवती सहा, मधे बोटभर जागा ठेवून. ते फुगून एकमेकांना टेकले की डबा कढईत ठेवा, झाकण लावा, आच मध्यमहून थोडी कमी. २५ ते ३० मिनिटं. पहिली वीस मिनिटं झाकण उघडू नका. विणायची सुई मधल्या बनात घालून बघा, कोरडी आली पाहिजे. वरून ते फिके राहतील, ओव्हनसारखा रंग कढईत येत नाही, पण त्याने काही बिघडत नाही कारण वरून आयसिंग येणारच आहे, झाकलं जाईल सगळं.

आता नागपूरचा मे महिना. पारा ४५ ला गेला की स्वयंपाकघरातलं पीठ अर्ध्या तासातच उतू जातं, आणि असं घाईने फुगलेलं पीठ आंबूस लागतं, भाजताना बसतं. म्हणून दूध कोमट करू नका, फ्रिजमधलं गारच घ्या, यीस्ट अर्ध्या प्रमाणाला दोन ग्रॅमच, म्हणजे साधारण सपाट पाऊण चहाचा चमचा. कृतीत तास लिहिला असेल तरी तुम्ही पिठाकडे बघा. हळूच बोटाने दाबा, खड्डा सावकाश भरून आला तर भाजायला घ्या, पटकन वर आला तर अजून थांबा, आणि भरलाच नाही तर उशीर झाला. मला तर वाटतं रात्री मळून डबा फ्रिजमध्ये ठेवून द्या, सकाळी नातवंडं उठल्यावर त्यांनाच गोळे करायला बसवा. ओट्यावर ती असली की तुम्हालाही दमायला होणार नाही.

प्रश्न (लीड्स, इंग्लंड) : ताई, मी इथे मास्टर्स करतोय, फ्लॅटमधल्या पाच जणांत ओव्हन एकच. दुकानात पीठ तीन प्रकारचं आहे, प्लेन, स्ट्राँग आणि सेल्फ-रेझिंग. मी सेल्फ-रेझिंग घेतलं कारण नावातच फुगणं आहे, पण बन स्कोनसारखे भुसभुशीत झाले. आणि इथे एवढे बन आहेत, चेल्सी, बेल्जियन, फिंगर, नक्की फरक काय?

उत्तर : सेल्फ-रेझिंग ठेव बाजूला, त्यात बेकिंग पावडर आधीच मिसळलेली असते, ते केक आणि स्कोनचं पीठ, म्हणून तर तसे झाले तुझे बन. तू स्ट्राँग व्हाइट घे. त्यात प्रोटीन १२-१३ टक्क्यांच्या आसपास असतं, ते मळल्यावर ताणतं आणि हवा धरून ठेवतं. ते दूधही जास्त पितं, तेव्हा माझ्या प्रमाणात २०-३० मिली दूध वाढव. आणि तुमच्याकडे फ्लॅटमध्ये थंडी असणार, १७-१८ डिग्रीला पीठ दुप्पट व्हायला दोन तास सहज लागतात, तर बंद ओव्हनमध्ये पिठाचं भांडं आणि बाजूला उकळत्या पाण्याचा मग ठेव, दार लावून. फक्त ओव्हनवर चिठ्ठी लाव रे, नाहीतर कोणीतरी पिझ्झासाठी चालू करेल. यीस्ट मात्र गरम दुधात कालवायचं नाही, बोटाला चटका बसेल इतकं दूध गरम असेल तर ते मरतं.

आता बनांचं. चेल्सी बन म्हणजे लाटलेल्या पिठावर लोणी, ब्राउन शुगर, मनुका पसरून गुंडाळी करून कापलेला, ट्रेमध्ये दाटीवाटीने भाजतात म्हणून चौकोनी होतो, आणि वर शक्यतो आयसिंग नाही, साखरेचा चिकट पाक. तो लंडनमधल्या चेल्सीच्या बन हाउसचा, अठराव्या शतकातलं दुकान, राजघराण्यातले लोकही तिथे यायचे, ती इमारत १८३९ मध्ये पाडली. बेल्जियन बनही गुंडाळीचाच, पण वर पांढरं आयसिंग आणि मधोमध अर्धी चेरी, आत बऱ्याचदा लेमन कर्ड, म्हणजे दही नाही, लिंबाचं आंबटगोड घट्ट सारण. फिंगर बन सगळ्यात साधा, आत काही नाही, वर आयसिंग. मला विचारशील तर तू फिंगरनेच सुरुवात कर कारण त्यात लपवायला काही नाही, पीठ चांगलं असेल तर कळतं, नसेल तरी कळतं. दोनतीनदा ते जमलं की गुंडाळीचे कर, तेव्हा वेलची-दालचिनी दोन्ही घाल, तुझ्या इंग्लिश मित्रांना वेलची आवडेल. स्वीडनमध्ये तर बनांच्या पिठात वेलची सर्रास असते आणि ४ ऑक्टोबरला तिथे दालचिनी बनचा खास दिवसच असतो.

प्रश्न (वेंगुर्ला) : गुलाबी आयसिंगसाठी बाटलीतला रंग वापरायचा नाहीये. बीट घातलं तर मातकट वास येतो. दुसरं काही?

उत्तर : अहो तुमच्या अंगणात आहे की, कोकम! बिनमिठाची सुकवलेली सोलं मिळाली तर चारपाच सोलं दोन मोठे चमचे गरम पाण्यात अर्धा तास भिजवा, दाबून गाळा, आणि साध्या पाण्याऐवजी तेच पाणी आयसिंगला वापरा. रंग सुरेख गुलाबी येतो आणि आंबटपणामुळे नुसत्या साखरेचा एकसुरीपणा जातो, मला तर लिंबापेक्षा हेच आवडतं. आगळ नको, त्यात मीठ असतं, आणि तयार सरबतात जिरं असतं. थंडीत महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी आली की तिचा रस गाळून तसाच वापरा, पण तो रंग एकदोन दिवसांत फिका पडतो.

प्रश्न (नाशिक) : पहिल्या दिवशी कापूस, दुसऱ्या दिवशी कोरडे. फ्रिजमध्ये ठेवूनही फरक नाही.

उत्तर : फ्रिजनेच ते कोरडे होतायत. पाव बाहेरच्यापेक्षा फ्रिजमध्ये लवकर शिळा होतो, त्यातला स्टार्च थंडीत पटकन घट्ट होतो. एकतर बाहेर ठेवा, नाहीतर थेट फ्रीझरमध्ये, मधलं काही नको. फ्रीझरमध्ये टाकायचे तर आयसिंग न लावता, गार झाल्या झाल्या पिशवीत बंद करून, मग लागतील तसे काढून तासभर बाहेर ठेवायचे आणि तेव्हाच ताजं आयसिंग.

मऊपणा जास्त टिकवायचा असेल तर खळ करा. हो, पतंग चिकटवायला करायचो तीच. मोजलेल्या मैद्यातला २५ ग्रॅम मैदा आणि मोजलेल्या दुधातलं १२५ मिली दूध, गुठळी न ठेवता मंद आचेवर ढवळत राहायचं, चमच्यामागे रेघ उमटायला लागली की गॅस बंद. पूर्ण गार करून बाकीच्या पिठात घाला. शिजलेला मैदा पाणी धरून ठेवतो, कच्च्यापेक्षा बराच जास्त, म्हणून बन दुसऱ्या काय तिसऱ्या दिवशीही मऊ राहतात. जपान-चीनमधल्या दुधाच्या पावाची युक्ती आहे ही. खळ आटून थोडं दूध कमी होतं, तर मळताना पीठ घट्ट वाटलं तर चमचाभर दूध वाढवा, आणि बन ओव्हनमधून काढल्या काढल्या वरून पातळ सुती फडकं टाका, दहा मिनिटं, साल मऊ राहते.